‘वठलेलं’ झाड

आदरणीय गुरुजनहो आणि १९९६च्या दहावीतल्या मित्रमैत्रिणींनो,

कार्यक्रमपत्रिकेत माझ्या नावापुढे ‘आभार’ लिहिलंय. आभार मानतेच, पण आधी एक कबुली.

डिसेंबरअखेर आपल्या ग्रुपवर बॅचतर्फे बांधायच्या रंगमंचाचा आराखडा आला. सोबत आडव्या फांद्यांच्या, निष्पर्ण झाडाचा फोटो होता आणि खाली ओळ : ‘वठलेलं झाड काढून’. मी मीटिंगमध्ये होते. अंगठेबहाद्दरासारखा अंगठा उठवून मोकळी झाले. तपासल्याशिवाय मंजुरी देऊ नका, हे ऑफिसात ज्युनिअर मुलांना रोज ऐकवणारी मीच!

आज सकाळी फाटकातून आत आले, तर ते झाड लालभडक. आपली काटेसावर! वठली नव्हती, पानगळ झाली होती. कोरड्या दिवसांत पाणी वाचवायला ती पानं टाकते आणि उघड्या फांद्यांवर फुलते, म्हणून पक्ष्यांना लांबून दिसते. जाड पाच पाकळ्यांचा पेला, तळाशी मध. अर्धा तास बघत होते. मैना, बुलबुल, कावळे, दोन खारी, नुसती भांडाभांडी.

यातलं काही मला नवीन नव्हतं. आठवीत बाईंनी अख्खा वर्ग तिच्याखाली नेला होता. खोडाचे काटे काढून, त्यांवर आद्याक्षरं कोरून आपण शाईचे शिक्के मारायचो. किती वह्या बरबटल्या! बोंडं फुटली की मैदानभर कापूस. त्याचा तंतू आखूड नि गुळगुळीत, सूत निघत नाही, पण उशी मऊ होते. आजीने केलेली तसली उशी मी इंजिनिअरिंगची चारही वर्षं वसतिगृहात वापरली. आणि फोटोत झाड ओळखलं नाही. बाई समोर बसल्यात, म्हणून जास्तच लाज वाटते.

शिपाईमामांकडून टेप घेऊन मोजलंय. मंच पूर्वेच्या भिंतीकडे १५ फूट सरकवला, तर सावर राहते. बुंध्याशी तिची आधारमुळं पसरलेली आहेत, म्हणून पायाही तेवढा लांब हवाच. पायऱ्या एकाच बाजूला घ्याव्या लागतील. कापूस मंचावर उडेल, ही शंका रास्त आहे. पण तो उडतो तोवर शाळेला सुट्टी लागलेली असते. खर्च वाढला, तर माझा वाटा वाढवा.

मी माझा अंगठा मागे घेतेय. आणखी कोणाला घ्यायचा असेल, तर पंगत बसायच्या आधी झाडाखाली चला. बाई, तुम्ही पुढे.

हो, आभार राहिलेच.