बाबूरावचं हिंदी

काही वाक्यं अशी असतात की कागदावर लिहिली तर त्यांत काहीच नसतं. 'ये बाबूराव का स्टाइल है' हे असंच वाक्य. यात ना कोटी आहे, ना श्लेष. पण धोतर-बंडीतला, जाड भिंगांचा चष्मा लावलेला एक वैतागलेला माणूस ते बोलतो आणि आपण हसतो. तो मात्र हसत नाही. आपण काही विनोदी बोललो, हे त्याच्या गावीही नसतं.

'हेराफेरी' ३१ मार्च २००० रोजी प्रदर्शित झाला. मी तो आमच्या तालुक्याच्या गावी दुपारच्या खेळाला पाहिला. थिएटर अर्धं रिकामं होतं. पुढे टीव्हीवर तो इतक्यांदा लागला की आमच्या गल्लीतली शाळकरी पोरं पाढे विसरायची, पण बाबूरावची वाक्यं विसरायची नाहीत.

गोष्ट तुम्हाला ठाऊक आहेच. बाबूराव गणपतराव आपटे हा स्टार गॅरेजचा मालक. राजू त्याचा भाडेकरू, भाडं न देणारा. श्याम नोकरीसाठी शहरात आलेला. तिघेही कफल्लक. एका श्रीमंत माणसाच्या नातीला पळवून नेणाऱ्यांचा खंडणीचा फोन चुकून यांच्या घरी येतो आणि हे तिघं मधल्या मध्ये दुप्पट रक्कम मागायचं ठरवतात. नीट पाहिलं तर ही भुकेची आणि कर्जाची गोष्ट आहे. म्हणून तर ती टिकली, असं मला वाटतं. नुसत्या माकडचेष्टा असत्या तर दोन-चार वर्षांत विसरलो असतो.

आता या माणसाच्या जन्माची गंमत सांगतो. बाबूराव मुळात मल्याळी. १९८९ सालच्या 'रामजी राव स्पीकिंग' या मल्याळी चित्रपटात तो एका नाटक कंपनीचा मालक होता, नाव मन्नार मथाई. इनोसंट नावाच्या मोठ्या नटानं ती भूमिका केली होती. हिंदीत आणताना दिग्दर्शक प्रियदर्शन, तेही मल्याळी. संवाद लिहिले नीरज व्होरा यांनी, ते गुजराती. आणि भूमिका केली परेश रावल यांनी, तेही गुजराती. म्हणजे हिंदी पडद्यावरचा सर्वांत लाडका मराठी माणूस घडवला तो या मंडळींनी. पण परेश रावलना कुणी 'अहो, तुम्ही गुजराती असून मराठी माणूस कसा काय?' असं विचारत बसलं नाही. त्यांना फिल्मफेअरचा विनोदी भूमिकेचा पुरस्कार मिळाला, लोकांनी बाबूरावला आपला मानला, विषय संपला. मला मात्र तीस वर्षांत एकही कविसंमेलन असं आठवत नाही की जिथं चहाच्या वेळी कुणीतरी जवळ येऊन म्हटलं नाही, 'तुमचं मराठी किती शुद्ध हो!' म्हणणारा प्रेमानंच म्हणतो. मी 'धन्यवाद' म्हणतो. आता तेही अंगवळणी पडलंय.

पण मला बोलायचंय ते बाबूरावच्या हिंदीबद्दल. त्याच्या हसवण्याचा अर्धा ऐवज त्या हिंदीत आहे. तो 'मुझे' म्हणत नाही, 'मेरे को' म्हणतो. कारण त्याच्या डोक्यात 'मला' आहे, आणि 'ला'ला तो 'को' जोडतो. मराठी माणूस हिंदीत 'करने का नहीं' म्हणतो, कारण आत 'करायचं नाही' आहे. वाक्याच्या शेपटीला 'रे' लागतो तोही इथलाच. शब्द हिंदी, हाडं मराठी. व्याकरणाच्या मास्तरांना त्यात चुका दिसतील. मला त्यात माझी अम्मा दिसते.

आमच्या घरात जी बोली चालायची तिला आम्ही 'मुसलमानी' म्हणायचो. कॉलेजात गेल्यावर कळलं, तिचं नाव दखनी. बहमनी काळापासून ती मराठीच्या शेजारी राहिलेली. शेजारीण शेजारणीकडून साखर नेते, तसा तिनं मराठीतून 'च' नेला आणि परत केला नाही. आम्ही 'मैंच', 'तूच', 'अभीच' म्हणतो, तो 'च' तुमचा-आमचा मराठीच. अम्मा म्हणायची, 'मेरेकू नक्को, तूच खा.' उत्तरेकडच्या उर्दूवाल्याला हे ऐकवा, त्याचा चेहरा बघण्यासारखा होतो. एका मोठ्या शहरात उर्दूवाल्यांच्या बैठकीत मला मराठी कविता वाचायला बोलावलं होतं. सुरुवातीला मी आभार मानताना म्हणालो, 'मेरे को आपने बुलाया...' पहिल्या रांगेत हशा पिकला. एक वयस्कर गृहस्थ हळूच म्हणाले, 'मुझे कहिए, मुझे.' मी कविता वाचली, टाळ्याही मिळाल्या. परतीच्या एसटीत मात्र रात्रभर ते 'मुझे' कानात वाजत राहिलं.

म्हणून बाबूरावच्या बोलण्याला थिएटरात लोक हसले तेव्हा पहिली काही मिनिटं मी आवळून बसलो होतो. वाटलं, झालं, आपल्यालाच हसतायत. हिंदी सिनेमात मराठी माणूस म्हणजे हवालदार नाहीतर घरकाम करणारी बाई, ही सवय आपल्याला होतीच. मग हळूहळू लक्षात आलं, बाबूरावचं हिंदी कुणी सुधारत नाही. राजू नाही, श्याम नाही. कर्जबाजारी असला तरी तो घरमालक आहे. तो दोघांवर ओरडतो, शिव्या घालतो आणि आपल्याच हिंदीत घालतो. मग मीही हसलो. एकदा हसायला लागलो तो थांबलो नाही.

त्याचं सर्वांत गाजलेलं वाक्य तुम्हाला माहीत आहे. 'उठा ले रे बाबा, उठा ले...' आणि मग देव खरंच ऐकतोय की काय अशा भीतीनं घाईघाईनं, 'मेरे को नहीं रे, इन दोनों को!' हे वाक्य कुणा लेखकाला टेबलाशी बसून सुचलं असेल, पण त्याचा पहिला अर्धा भाग आपल्या घराघरांतला आहे. शेजारच्या काकू गुडघे धरून म्हणायच्या, 'देवा, उचल रे आता.' भिंतीच्या अलीकडे अम्मा म्हणायची, 'या अल्ला, उठाले मेरेकू.' दोघींच्या तक्रारी त्याच: सून, गॅस, संधिवात. दोघींनाही जायचं नव्हतं. बाबूरावनं फक्त ते उघड बोलून टाकलं.

अम्मानं तो प्रसंग टीव्हीवर पहिल्यांदा पाहिला तेव्हा ती पदर तोंडाला लावून हसली. दुसऱ्या दिवशी मी आणि धाकटा भाऊ पाण्याच्या मोटारीच्या बिलावरून भांडत होतो. आतून आवाज आला, 'उठाले रे बाबा... मेरेकू नै, इन दोनोंकू!' त्या दिवसापासून ते आमच्या घरचं वाक्य झालं.

२०१४ च्या पावसाळ्यात ती अंथरुणाला खिळली. शेवटी दवाखान्यात न्यावं लागलं. भाऊ आणि मी बोलत नव्हतो तेव्हा, घराच्या वाटणीवरून. रात्री कुणी थांबायचं याची वाटाघाटसुद्धा नर्समार्फत. एका संध्याकाळी आवाज चढले. अम्माचे डोळे मिटलेले होते, दोन दिवस ती काही बोलली नव्हती. ओठ हलले. वाकून ऐकलं. 'उठाले रे...' इतकंच म्हणाली आणि थांबली. आम्हाला वाटलं, खरंच मागतेय. मग बऱ्याच वेळानं, धाप टाकत, 'मेरेकू नै...' पुढचं बोलायला दम राहिला नाही. तिनं उशीवरचा हात उचलून दोन बोटं दाखवली.

आम्ही दोघं एकदम हसलो. नर्स धावत आली. तिसऱ्या दिवशी अम्मा गेली.

२०२५ मध्ये तिसऱ्या भागावरून बातम्या आल्या, परेश रावल आधी बाहेर पडले आणि मग परत आले, तेव्हा भावाचा फोन आला होता, 'बाबूराव परत आला रे.' पुण्यात असतो तो. एरवी रविवारी दुपारी कधीतरी रिंग वाजते. मी उचलतो. तो एवढंच म्हणतो, 'लाव.' मी टीव्ही लावतो. तो प्रसंग संपेपर्यंत दोघंही फोन कानाला धरून असतो. मग तो ठेवून देतो.