घराचा कागद अडला तर



आजचा विषय रुक्ष वाटेल, परंतु तो आपल्या प्रत्येकाच्या उंबरठ्याशी निगडित आहे. अमरावती असो वा अकोला, वडील वारले तरी घर त्यांच्याच नावावर राहते. मुलगा कर भरतो आणि पावती मयताच्या नावाची येते. पुढे घरकुलाचा अर्ज अडतो, कर्ज अडते, भावाभावांत वाद माजतो. कार्यालयातले उत्तर ठरलेले असते: "साहेब दौऱ्यावर आहेत, पुढच्या आठवड्यात या." अशा वेळी आपण काय करावे?

प्रथम एक गैरसमज दूर करू. कराची पावती किंवा फेरफार म्हणजे मालकी नव्हे. फेरफाराने मालकी मिळतही नाही आणि जातही नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ साली सांगितले आहे. म्हणून मालकीचाच वाद असेल तर दिवाणी न्यायालयात जावे. वाद नसून निव्वळ दिरंगाई असेल तर मार्ग निराळा आहे.

त्या मार्गाची पहिली पायरी म्हणजे लेखी अर्ज आणि त्याची पोच. तोंडी विनंतीचा पुरावा मागे राहत नाही. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १४९ प्रमाणे वारसाने हक्क मिळाल्याचे तीन महिन्यांत कळवावे लागते आणि तलाठ्याने लगेच लेखी पोच द्यावी लागते. पोच मिळत नसेल तर अर्ज स्पीड पोस्टाने पाठवावा.

दुसरी पायरी अपिलाची. लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ प्रमाणे अधिसूचित सेवेला मुदत ठरलेली असते. मुदत टळली की तीस दिवसांत प्रथम अपील करता येते. त्यानंतर द्वितीय अपील आणि शेवटी आयोग. कसूरदार अधिकाऱ्यास पाचशे ते पाच हजार रुपये दंड होऊ शकतो. फाईल कोणाच्या टेबलावर पडून आहे, हे २००५ च्या माहिती अधिकार कायद्याने विचारता येते. मात्र फेरफाराचा अर्ज लेखी आदेशाने फेटाळला असेल, तर संहितेप्रमाणे साठ दिवसांत वरिष्ठ महसूल अधिकाऱ्याकडे अपील करावे. ती मुदत चुकवू नये.

एवढे करूनही दाद मिळाली नाही तर उच्च न्यायालय आहे. आपल्या दोन्ही जिल्ह्यांसाठी ते नागपूर खंडपीठात बसते. संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली तेथे परमादेश मागता येतो; म्हणजे अधिकाऱ्याने आपले कर्तव्य मुदतीत करावे, असा हुकूम. न्यायालय प्रथम विचारते, "तुम्ही मागणी केली होती काय?" तेव्हा तीच पोच कामी येते. मूलभूत हक्कांसाठी सर्वोच्च न्यायालयाचे दार उघडणाऱ्या अनुच्छेद ३२ ला बाबासाहेबांनी संविधानाचा आत्मा म्हटले, ते उगीच नव्हे. दाद मागता येत नसेल तर हक्क कागदावरच राहतो.

ताब्याचेही तसेच. कोणी जबरीने घराबाहेर काढले तर विशिष्ट साहाय्य अधिनियम, १९६३ च्या कलम ६ खाली सहा महिन्यांत दावा लावावा. त्यात मालकी सिद्ध करावी लागत नाही, फक्त ताबा होता एवढे दाखवावे लागते. हा दावा सरकारविरुद्ध मात्र चालत नाही. सरकारी गृहनिर्माण संस्थेने पैसे घेऊन घराचा ताबा लांबवला तर ग्राहक आयोगाकडे जाता येते. लखनौ विकास प्राधिकरणाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९९३ साली नागरिकाच्या छळाबद्दल भरपाई मान्य केली आणि ती दोषी अधिकाऱ्यांकडून वसूल करण्यास सांगितले.

"वकिलाला पैसा कोठून आणावा?" असा प्रश्न येईल. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ प्रमाणे अनुसूचित जाती-जमातींना व स्त्रियांना उत्पन्नाची अट न घालता मोफत वकील मिळतो. १९९० च्या दुरुस्तीपासून अनुसूचित जातींतील बौद्धांनाही हा दर्जा आहे. अर्ज जिल्हा न्यायालयातील विधी सेवा प्राधिकरणाकडे करावा.

विद्यार्थी मित्रांनो, तुमच्याकडून एकच अपेक्षा. आपल्या वस्तीतील दहा घरांचे कागद पाहा. जेथे मयताचे नाव असेल तेथे अर्ज लिहून द्या आणि पोच जपून ठेवायला सांगा. हात जोडून वर्षानुवर्षे उभे राहण्यापेक्षा एक तारखेचा, सहीचा कागद अधिक बोलतो.