पीतपिंड आणि गर्भाची रुजवण

प्रयोगशाळेंत वाढविलेला भ्रूण गर्भाशयांत ठेवण्याचें काम कांहीं मिनिटांत उरकतें. त्यानंतर रक्त तपासेपर्यंत जे दहा ते चौदा दिवस जातात, ते मात्र त्या घराला फार लांब वाटतात. मुंबईच्या के. ई. एम. रुग्णालयांत ६ ऑगस्ट १९८६ रोजीं या मार्गानें एक कन्या जन्मास आली, तेव्हां तें मोठें नवल होतें. आज हा उपचार जिल्ह्याच्या गांवींही मिळतो. परंतु त्या दिवसांत पत्नीला रोज जें औषध टोचून घ्यावें लागतें किंवा योनिमार्गांत ठेवावें लागतें, तें कशासाठीं, हें घरांतल्या इतरांना क्वचितच ठाऊक असतें.

त्या औषधाचें नांव प्रोजेस्टेरॉन. स्त्रीच्या शरीरांत तें मूळचेंच आहे. बीजांडकोशांतून बीज बाहेर पडलें कीं मागें राहिलेल्या पुटिकेचा लहानसा पिवळा गोळा बनतो. त्यास पीतपिंड म्हणतात. गर्भ रुजण्याशीं या पिंडाचा संबंध असावा, अशी कल्पना गुस्टाव बोर्न या शरीररचनाशास्त्रज्ञाची. ब्रेस्लाउ येथील लुडविग फ्रेंकेल यांनीं गाभण सशांचे पीतपिंड नष्ट करून ती पडताळून पाहिली, तों पिंडाबरोबर गर्भही जाऊं लागला. पुढें १९२९ सालीं अमेरिकेंत रॉचेस्टर येथें जॉर्ज कॉर्नर व विलार्ड ॲलन यांनीं डुकरिणींच्या पीतपिंडांचा अर्क काढला, आणि बीजांडकोश काढून टाकलेल्या सशांना तो टोचून त्यांचे गर्भ टिकविले. १९३४ सालीं शुद्ध द्रव्य हातीं आलें.

शेतकऱ्याच्या भाषेंत सांगावयाचें तर ईस्ट्रोजेन नांगरट करतें आणि प्रोजेस्टेरॉन वाफसा आणतें. त्यानें गर्भाशयाचें अस्तर मऊ व पोषक होतें, स्नायूंची हालचालही मंदावते. वाफशालाही वेळ असते. म्हणूनच पांच दिवसांचा गोठविलेला भ्रूण ठेवावयाचा असला, तर बहुधा हें औषध पांच दिवस आधीं सुरू करतात.

नैसर्गिक गर्भधारणेंत भ्रूणच रक्तांतून निरोप पाठवून पीतपिंडाला जागतें ठेवतो. सुमारें सात ते नऊ आठवड्यांनंतर वार तें काम आपल्याकडे घेते. मग कृत्रिम उपचारांतच बाहेरून औषध कां? येथें एक मौजेची गोष्ट आहे. इंजेक्शनांनीं एकाच वेळीं आठदहा बीजें पिकविलीं म्हणजे पीतपिंडही तितकेच होतात, आणि त्यांच्या संप्रेरकांचा इतका पूर येतो कीं मेंदूखालची पीयूषिका ग्रंथि आपलें काम आंखडतें घेते. तिचा आधार सुटला कीं सारे पिंड वेळेआधींच सुकतात. गोठविलेला भ्रूण केवळ औषधांनीं तयार केलेल्या अस्तरावर ठेवतात, तेव्हां तर त्या महिन्यांत बीज बाहेर पडलेलेंच नसतें. एकही पिंड नाहीं, सारा भार औषधावर. तेथें तें दहाव्या ते बाराव्या आठवड्यापर्यंत चालू ठेवतात, आणि चुकलेली मात्रा क्षुल्लक मानून चालत नाहीं. चुकलीच तर डॉक्टरांस लगेच कळवावें.

पोटांत घेतल्यास यकृत यांतलें बहुतेक औषध मोडून टाकतें, म्हणून इंजेक्शन किंवा योनिमार्ग. इंजेक्शन पुष्कळदां तिळाच्या तेलांतलें असतें. टोचल्या जागीं गांठ येते व ती दुखते. योनिमार्गांतल्या औषधाचा पांढरा चोथा बाहेर येतो आणि औषध वायां गेलें असें वाटतें. तें वायां गेलेलें नसतें.

घोटाळा होतो तो लक्षणांचा. स्तन जड होणें, पोट फुगणें, झोंप येणें, हें सारें हेंच औषध घडवितें. सासूबाई आनंदतात, शेजारीण मुलगा कीं मुलगी तेंही सांगून मोकळी होते. त्या चिन्हांवरून मात्र काडीचाही निर्णय होत नाहीं. उलट, रक्ताचा डाग दिसला कीं सर्व संपलें असें समजून कित्येक स्त्रिया औषध आपल्याच मनानें थांबवितात. डाग पडूनही गर्भ टिकल्याचीं उदाहरणें विपुल आहेत. रक्ताचा निकाल हातीं येईपर्यंत औषध सोडूं नये. बिछान्यास खिळून राहिल्यानें यश वाढतें असेंही प्रयोगांत आढळलेलें नाहीं. जिना चढली म्हणून गर्भ गेला, हा ठपका निराधार आहे.

प्रोजेस्टेरॉनच्या शक्तीला सीमाही आहे. भ्रूणाच्या गुणसूत्रांतच दोष असला तर वाफसा कितीही उत्तम असो, तें बीं सहसा तग धरीत नाहीं. आरंभींच जाणाऱ्या पुष्कळ गर्भांचें कारण हेंच असतें. तेव्हां गरजेपेक्षां मात्रा वाढवून लाभ नाहीं.

निकाल नकारार्थी आला तर डॉक्टर औषध थांबवितात आणि बहुधा थोड्याच दिवसांत पाळी येते. तोंवर ती त्या औषधानेंच अडवून धरलेली असते.