नियम आधी सांगा

१९८२च्या संपानंतर लालबाग-परळच्या घराघरांतला हिशेब बदलला. बापामागे मुलगा गिरणीत लागायचा, ती वाट बुजत गेली. 'परीक्षा दे, सरकारी नोकरी धर,' असे आया सांगू लागल्या. घरात जागा नसलेली मुले वरळीच्या अभ्यास गल्लीत दिव्यांखाली वाचत बसतात.

अशा एखाद्याचे नाव यादीत आले नाही आणि तो दाद मागायला गेला, की लोक म्हणतात, 'नाचता येईना, अंगण वाकडे!' पण अंगण कधी कधी खरेच वाकडे असते. महाराष्ट्र लोकसेवा आयोगाच्या परीक्षांमधला घोटाळा २००२मध्ये उघडकीस आला, तेव्हा ते सगळ्यांनी पाहिले.

मी कवी माणूस. काव्यस्पर्धेचा परीक्षक एखादी कविता का आवडली हे सांगू शकला नाही, तरी खपून जाते. तहसीलदार निवडताना ते खपत नाही. राज्यघटनेच्या कलम १६ने सरकारी नोकरीत समान संधीची हमी दिली आहे.

न्यायालय सहसा पेपर पुन्हा तपासत नाही. आपल्या राज्याच्या परीक्षा मंडळाच्या खटल्यात मुंबई उच्च न्यायालयाने फेरतपासणीची मागणी उचलून धरली होती. सर्वोच्च न्यायालयाने १९८४मध्ये ती नाकारली. पुढे माहिती अधिकार आला आणि २०११च्या निकालाने स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचे दार उघडले. केंद्रीय लोकसेवा आयोगाच्या नागरी सेवा परीक्षेच्या बाबतीत ते २०१८मध्ये पुन्हा अरुंद झाले.

नियमांच्या बाबतीत मात्र न्यायालय ठाम आहे. आंध्र प्रदेशात जिल्हा न्यायाधीश निवडताना मुलाखती आटोपल्यावर मुलाखतीत किमान गुणांची अट लावली गेली. निवड करणारे खुद्द उच्च न्यायालय होते! तरी २००८मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते चूक ठरवले. नोव्हेंबर २०२४मध्ये पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठानेही सांगितले, की मूळ नियमांत वा जाहिरातीत तशी मुभा नसेल, तर भरती सुरू झाल्यावर पात्रतेचे निकष मध्येच बदलता येणार नाहीत.

पण खटला रेंगाळतो आणि वयोमर्यादा कुणासाठी थांबत नाही. हरलेला झुरतो, निवडलेलाही टांगणीला लागतो. म्हणून निकष आधी, उत्तरतालिका वेळेवर आणि गुण उघडपणे जाहीर व्हावेत. नोकरी सगळ्यांना मिळणार नाही, हे मुलांना कळते. ती का मिळाली नाही, एवढे तरी त्यांना कोर्टाची पायरी न चढता कळायला हवे.