रुपेरी पडदा आणि घरचा पडदा



चित्रपटाकडे आपण करमणूक म्हणून पाहतो. आज त्यामागील व्यवहाराचा विचार करावयाचा आहे.

हॉलिवूडच्या मोठ्या चित्रपटसंस्था एकेकाळी चित्रपट निर्माण करीत आणि स्वतःच्याच चित्रपटगृहांत दाखवीतही असत. १९४८ साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने पॅरामाऊंट खटल्यात या मक्तेदारीविरुद्ध निकाल दिला. परिणामी या संस्थांना चित्रपटगृहांची मालकी सोडावी लागली.

चित्रपटाचा खर्च अफाट आणि लोकांची आवड मात्र अनिश्चित. हा धोका कमी करण्यासाठी ओळखीच्या पात्रांच्या कथामालिकांचा, म्हणजे 'फ्रँचाइझ'चा, मार्ग रूढ झाला. डिस्ने संस्थेने २००९ मध्ये मार्व्हल व २०१२ मध्ये लुकासफिल्म विकत घेतली. या खरेदीत खरे मोल होते ते पात्रांवरील हक्कांचे. मार्व्हलच्या 'अ‍ॅव्हेंजर्स : एंडगेम' (२०१९) या एकाच चित्रपटाची जगभरातील तिकीटविक्री सुमारे २८० कोटी डॉलर झाली.

दरम्यान दुसरी शक्ती उदयास आली होती. टपालाने चित्रपटांच्या तबकड्या भाड्याने देणाऱ्या नेटफ्लिक्सने २००७ पासून इंटरनेटद्वारे चित्रपट घरोघरी पोहोचविण्यास प्रारंभ केला. आपले चित्रपट तिला पुरविणाऱ्या संस्थांना पुढे उमगले की, प्रेक्षकच तिच्याकडे चालला आहे. म्हणून नोव्हेंबर २०१९ मध्ये डिस्नेने स्वतःची सेवा सुरू केली. तिकीट एकदाच काढले जाते, वर्गणी मात्र दरमहा भरावी लागते. वर्गणीदार टिकविण्यासाठी त्याच त्या पात्रांच्या नव्या मालिका सतत काढणे ओघानेच आले. वॉर्नर ब्रदर्सने तर २०२१ मधील आपले चित्रपट अमेरिकेत चित्रपटगृहांत व घरच्या पडद्यावर एकाच दिवशी प्रदर्शित केले.

या चढाओढीची झळ कष्टकऱ्यांना लागली. दूरदर्शन संचावर मालिका पुन्हा दाखविली की लेखक व नटांना मानधनाचा वाटा मिळे. नव्या व्यवस्थेत तो आक्रसला. मे २०२३ मध्ये लेखकांनी संप पुकारला. तो १४८ दिवस चालला. जुलैमध्ये नटही त्यात उतरले. दोघांचा एकाच वेळी संप १९६० नंतर प्रथमच होत होता. अखेर, प्रेक्षकसंख्येनुसार जादा मोबदल्याचे तत्त्व काही अंशी मान्य झाले.

१९४८ च्या निकालातून आलेली बंधने २०२० मध्ये न्यायालयाने संपुष्टात आणली. निर्माता आणि दाखविणारा पुन्हा एक होऊ लागला आहे. हा प्रश्न केवळ परदेशाचा नव्हे. डिस्ने व रिलायन्स यांच्या भारतातील व्यवसायांचे नोव्हेंबर २०२४ मध्ये एकत्रीकरण झाले आणि फेब्रुवारी २०२५ पासून 'जिओहॉटस्टार' ही सेवा सुरू झाली. आज ती खेड्यातील भ्रमणध्वनीवरही दिसते.

म्हणून शिक्षक बंधुभगिनींना व ग्रामपंचायत सदस्यांना माझी विनंती आहे की, मुलांना चित्रपट पाहू द्यावेत. परंतु तो कोणी निर्माण केला, त्याचे हक्क कोणाकडे आहेत आणि राबणाऱ्याच्या पदरी काय पडते, हे तीन प्रश्न विचारण्याची सवयही त्यांना लावावी. डोळस प्रेक्षक घडविणे हेही लोकशिक्षणच होय.