पावणेपंचवीस रुपयांचा हिशेब



भोसरी-चाकण पट्ट्यातल्या छोट्या वर्कशॉपचं बिल नगावर होतं, आणि नगाचा दर पुष्कळदा पैशांत अडकलेला असतो. समजा, एका बुशचा दर ठरला २४ रुपये ७५ पैसे आणि चलनावर नग आहेत ४८०. आडव्या-उभ्या गुणाकाराला बसलात तर कागद-पेन लागणार. त्यापेक्षा दर पुरता २५ रुपये धरा. ४८० नगांचे १२,००० झाले. नगामागे चार आणे जास्त धरले होते, त्यांचे १२० रुपये वजा करा. बिल ११,८८० रुपये.

शाळेच्या पुस्तकात याला वितरण गुणधर्म म्हणतात. भास्कराचार्यांनी ११५०च्या सुमारास लिहिलेल्या 'लीलावती'त १३५ गुणिले १२ हे उदाहरण असंच फोड करून सोडवलेलं आहे. १२चे ८ आणि ४ करा, नाहीतर २०ने गुणून त्यातून आठपट वजा करा; उत्तर १,६२०च. आपल्याकडे पावकी, निमकी, सवायकी, दिडकी पाठ करून घेत, तीही अशाच व्यवहारासाठी. १ एप्रिल १९५७ला दशमान नाणी आली, हळूहळू आणे-पै गेले आणि हे पाढेही मागे पडले. फोड करण्याची रीत मात्र दशांशालाही तितकीच लागू पडते.

आता करही बघू. १८ टक्के जीएसटी असेल, तर राज्यातल्या राज्यात ९ टक्के केंद्राचे, ९ टक्के राज्याचे. ९ टक्के म्हणजे दहातून एक कमी. ११,८८०चे १० टक्के १,१८८. त्यातून १ टक्का, म्हणजे ११८ रुपये ८० पैसे गेले. उरले १,०६९ रुपये २० पैसे. तेच दोनदा.

मोबाइलवर हे चटकन होतं, कबूल. पण घाईत २४.७५ऐवजी २.४७५ दाबलं गेलं, तर पडद्यावर १,१८८ येतील. मोबाइल काही बोलणार नाही. मनात बारा हजारांचा अंदाज असलेला माणूस मात्र तिथेच थांबेल.

तेव्हा बिलावर सही करण्याआधी दर जवळच्या पूर्ण रुपयात धरून ढोबळ आकडा काढा. तो जुळला, तरच सही करा.