अपील केलेत, पण चालवलेत का?



भाट्याचा पूल ओलांडला की रत्नागिरीचे जिल्हा न्यायालय काही फार लांब नाही. तरी तिथे केलेले अपील आपण विसरतो. समजा, तुमच्या वाडीतल्या पायवाटेचा दावा खालच्या कोर्टात गेला तुमच्या विरुद्ध. तुम्ही तीस दिवसांच्या आत अपील केलेत, वकीलपत्र दिलेत आणि नोकरीसाठी मुंबई गाठलीत. इकडे तारखेला पुकारा झाला. तुम्ही नाही, वकीलही नाहीत. अशा वेळी १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतील आदेश ४१, नियम १७ प्रमाणे न्यायाधीश अपील काढून टाकू शकतात. मग खालचा निकाल कायम, आणि वाटेवर गडगा उभा!

पण एवढ्यावर सारे संपत नाही. नियम १९ प्रमाणे गैरहजेरीचे पुरेसे कारण दाखवले, तर अपील पुन्हा दाखल होते. त्या अर्जाची मुदत तीस दिवस. आणि ती हुकूम झाल्यापासून मोजतात, तुम्हांला कळल्यापासून नव्हे.

चूक वकिलांची असली तर? १९८१ साली ‘रफीक विरुद्ध मुन्शीलाल’ या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, आपल्या हातचे सारे केलेल्या पक्षकाराला वकिलाच्या गैरहजेरीची शिक्षा होऊ नये. पण आपल्या हातचे आपण केले पाहिजे ना! तारीख भिंतीवरच्या कॅलेंडरवर लिहा, बदललेला पत्ता वकिलांना कळवा.

आणि गुरुजी, गावात कोणाला कोर्टाचा कागद आला तर तेवढा वाचून समजावून द्या. त्यानेही एखाद्याची वाट शाबूत राहील.